अडनिडं वय, हुरहूर आणि घालमेल

प्रश्न : माझी भाची तेरा वर्षांची आहे. परवा म्हणाली, "मावशी, रडू येतंय, पण कशाचं तेच कळत नाही." या अवस्थेला मराठीत काय म्हणावं? 'पौगंडावस्था' फार कोरडा वाटतो.

उत्तर : कोरडा तर आहेच, शिवाय अर्थानेही सरकलेला आहे. वयाचे टप्पे सांगणाऱ्या जुन्या संस्कृत श्लोकात पाच वर्षांपर्यंत कौमार, दहापर्यंत पौगंड, पंधरापर्यंत कैशोर आणि पुढे यौवन आहे. त्या हिशेबाने तुमच्या भाचीचं पौगंड केव्हाच सरलं. उलट आपल्या पाठ्यपुस्तकांत 'कुमारभारती' येते ती नववी-दहावीला. तेव्हा या शब्दांवर फार विसंबू नये.

बोलीतले शब्द जिवंत आहेत, पण बहुतेक अंगावर दिसणारं तेवढंच सांगतात. मुलाला मिसरूड फुटतं, त्याचा आवाज फुटतो. मुलीला न्हाण येतं, पदर येतो. आत काय चाललंय, त्याचा यात पत्ता नाही.

तुम्ही सांगितलेल्या रडण्याला मी 'हुरहूर' म्हणेन. दुःखाला कारण असतं, काळजीला विषय असतो. हुरहुरीला दोन्ही नसलं तरी चालतं. काहीतरी हातचं निसटतंय किंवा यायचंय एवढंच जाणवतं. कातरवेळी ती जास्त लागते, आणि ती 'लागते' हे क्रियापदही बघा, तहानेसारखं.

'घालमेल' वेगळी. तिथे दोन ओढी हव्यात. रात्री आईच्या कुशीत शिरावंसं वाटतं, आणि त्याच आईने सकाळी शाळेच्या फाटकाशी मैत्रिणींदेखत केसांवरून हात फिरवला की मान झटकली जाते. पुन्हा वर्गात बसल्यावर त्याचंच वाईट वाटतं. ही घालमेल.

आणि या सगळ्या काळाला 'अडनिडं वय'. अडनिडं म्हणजे कशातच नीट न बसणारं : अडनिडी वेळ, अडनिडं माप. मला हा शब्द फार मोलाचा वाटतो, कारण तो मुलाला दोष देत नाही. "एवढी घोडी झालीस तरी" म्हणणारं घर पाच मिनिटांनी "तू लहान आहेस, मध्ये बोलू नकोस" म्हणतं, तेव्हा पोरीने बसावं कुठे?

भर : आमच्याकडे आजी नुसतं "वयच तसलं आहे तिचं" म्हणायची आणि ताटात भात वाढायची. 'तसलं' एरवी नाक मुरडून म्हणतात, पण तिच्या तोंडी त्यात माया असे. तुमच्या भागात वेगळा शब्द असेल तर जरूर लिहा, वाक्यासकट.