इंग्लंडात बिनपगारी मॅजिस्ट्रेट: अर्ज करावा की करू नये?

लेस्टरकर
मंडळी, इंग्लंडात येऊन अठरा वर्षं झाली. नोकरी सॉफ्टवेअरची, कायद्याचं शिक्षण शून्य. तरी इथल्या कोर्टात मॅजिस्ट्रेट होण्यासाठी अर्ज करावा असं मनाने घेतलंय आणि त्यावरून घरात रोज रात्री जेवताना वाद होतोय.

भारतातल्या वाचकांसाठी सांगतो. आपल्याकडे मॅजिस्ट्रेट म्हणजे परीक्षा देऊन आलेला, पगारी न्यायाधीश. इथे शिक्षिका, बसचालक, निवृत्त नर्स, कुणीही असू शकतं. वय 18 ते 74, पदवीची अट नाही, पगार नाही, वर्षाला किमान 13 दिवस द्यायचे. सहसा तिघांचं बेंच बसतं आणि कायदा समजावून सांगायला लीगल ॲडव्हायजर असतो. इंग्लंड-वेल्समधला प्रत्येक फौजदारी खटला याच कोर्टात सुरू होतो आणि नव्वद टक्क्यांहून जास्त तिथेच संपतात. ही पद्धत 1361च्या कायद्यापासूनची.

अर्जाआधी कोर्टात बसून कामकाज पाहायचं असतं, म्हणून गेलो. एका डिलिव्हरी ड्रायव्हरच्या लायसन्सवर तीन वर्षांत 12 पॉइंट, म्हणजे वाहतुकीच्या गुन्ह्यांचे दंडगुण, झालेले. म्हणजे किमान सहा महिने गाडी बंद, फक्त विलक्षण अडचण सिद्ध झाली तरच सूट. तो म्हणाला, आईचं आठवड्यातून तीनदा डायलिसिस असतं, पहाटे साडेसहाला पोचवावं लागतं. सरकारी वकील म्हणाले, बस आहे. बेंचवर उजवीकडे बसलेल्या बाईंनी विचारलं, "ती बस हल्ली इतक्या लवकर सुटते का? माझ्या माहितीप्रमाणे पहिली सातनंतर आहे." वकिलांना सांगता येईना. बेंच आत गेलं, पंचवीस मिनिटांनी बाहेर आलं. त्याचं लायसन्स वाचलं.

हा प्रश्न गाडीने फिरणाऱ्या न्यायाधीशाला सुचला असता का? आपल्याकडे पंचामुखी परमेश्वर म्हणतात, ते मला त्या दिवशी कळलं. तुमचं मत सांगा.

काळा कोट
मी इथे सॉलिसिटर आहे आणि बरीच वर्षं ड्यूटी सॉलिसिटर, म्हणजे ज्यांच्याकडे वकील नाही त्यांना कोर्टात फुकट मदत करणारा वकील, म्हणून याच कोर्टांत उभा राहतो. माझं मत विरोधात आहे.

त्या बाईंनी प्रश्न उघड विचारला, दोन्ही बाजूंना उत्तराची संधी दिली, हे योग्यच. स्थानिक माहिती वापरायची तर ती अशीच समोर ठेवावी लागते. पण जी माहिती कुणी बोलून दाखवत नाही तिचं काय? माझ्या एका अशिलाचा पत्ता वाचला गेला. गावातली बदनाम वस्ती. बेंचवरच्या दोघांनी एकमेकांकडे पाहिलं, तेवढंच. त्यावर हरकत कशी घ्यायची? निकाल विरोधात गेला, आणि पत्त्यामुळे गेला की पुराव्यामुळे, हे मी आजही सांगू शकत नाही.

दुसरं, 'स्थानिक' कोर्ट आता नावालाच उरलंय. 2010 नंतर जवळपास निम्मी मॅजिस्ट्रेट कोर्टं बंद झाली. लोक दोन बस आणि एक ट्रेन बदलून येतात. उशीर झाला तर वॉरंट निघतं.

तिसरं, हे लोक कैद देतात. किती, ते पाहा. एका गुन्ह्याला सहा महिन्यांची मर्यादा मे 2022 मध्ये बारा महिने केली. मार्च 2023 मध्ये परत सहा. नोव्हेंबर 2024 मध्ये पुन्हा बारा. डिसेंबर 2025 मध्ये न्यायमंत्री लॅमी यांनी ती 18 महिन्यांवर नेण्याचा बेत जाहीर केला. गुन्हे तेच आहेत. वरच्या कोर्टात खटले तुंबले की मर्यादा वाढवायची, तुरुंग भरले की उतरवायची. माणसाच्या दीड वर्षाचा निर्णय घेणारा निदान पूर्णवेळ शिकलेला असावा. इथे पगारी डिस्ट्रिक्ट जज आहेतच, ते एकटे बसतात, फाइल वाचून येतात आणि कारणं नीट सांगतात. फुकटातल्या माणसांवर न्याय चालवणं ही सरकारची बचत आहे. तुम्ही त्या बचतीला हातभार लावू नका.

नारायण पेठ
हे आपल्याला नवं नाही. मराठेशाहीत गोतसभा, म्हणजे गावकऱ्यांची न्यायसभा, बसायची, निवाड्याचा महजर (लेखी निकाल) व्हायचा, त्यावर पाटील-बलुतेदारांच्या निशाण्या असायच्या. मुंबईत तर 1830च्या दशकात नाना शंकरशेठ पहिल्या हिंदी जे. पीं.मध्ये होते, ते जे. पी. (जस्टिस ऑफ द पीस) म्हणजे हेच पद. आता आपल्याकडे उरलाय तो विशेष कार्यकारी अधिकाऱ्याचा साक्षांकनाचा शिक्का.

सावळी
गोतसभेत माझ्या पणजीला बोलायची सोय होती का, हेही लिहा. बलुतेदारांच्या निशाण्या होत्या, पण वतन नसलेल्याचं काय? गावकीचा न्याय म्हणजे गावातल्या वजनदारांचा न्याय. इंग्लंडातसुद्धा 1919 संपेपर्यंत बाई या खुर्चीवर बसू शकत नव्हती. एडा समर्स ही पहिली.

बेंचवरची
सावळीताई, बरोबर. म्हणूनच आपल्यासारख्यांनी तिथे असायला हवं.

मी अकरा वर्षं मॅजिस्ट्रेट आहे. खटल्यांबद्दल काही सांगणार नाही, तसं सांगताही येत नाही, पण कामाबद्दल सांगते. तिघांची मतं समान. मध्ये बसलेली व्यक्ती फक्त बोलते, तिला जास्त मत नाही. निकाल बहुमताने होतो आणि कोण विरोधात होतं ते बाहेर कधीच सांगत नाहीत. आतल्या खोलीत मी पुष्कळदा एकटी पडले आहे. पण माझं म्हणणं मोडून काढायला इतर दोघांना कारणं द्यावी लागली, तीही आमच्या ठरलेल्या टप्प्यांनी, मार्गदर्शक तत्त्वं समोर ठेवून. काळा कोट, एकट्या जजच्या मनात पत्त्याबद्दल काही आलं तर ते त्याला कोण बोलायला लावणार?

शिक्षण नाही हेही अर्धंच खरं. आधी प्रशिक्षण, मग मेंटॉर, मग ठरावीक काळाने मूल्यमापन. कैदेचा विचार असेल तर प्रोबेशनचा अहवाल मागवतो. निकाल चुकला वाटलं तर 15 कामकाजाच्या दिवसांत वरच्या, म्हणजे क्राउन कोर्टात अपील करता येतं.

एका गोष्टीत मात्र मी तुमच्या बाजूने आहे. 2015 पासून सिंगल जस्टिस प्रोसीजर आली. टीव्ही लायसन्स, गाडीचा विमा, वेगमर्यादा असली प्रकरणं एकच मॅजिस्ट्रेट कागदावर निकाली काढतो. ना आरोपी समोर, ना जनता. पैसे का भरता आले नाहीत हे सांगणारी आजारी माणसांची पत्रं फाइलमध्ये असतात आणि ती फिर्यादी पक्षाच्या नजरेस पडतीलच असं नाही. तिघं बसतात म्हणून ही पद्धत चांगली असं म्हणायचं आणि एकाला बंद खोलीत बसवायचं, हे मला पटत नाही. तसं मी लेखी कळवलंय.

काळा कोट
तुमच्यासारखी माणसं बेंचवर आहेत याचा आदर आहे. तरी अपिलाचा मुद्दा कागदावर सोपा वाटतो. घराचं, माणसांच्या संख्येनुसार हिशेब केलेलं उत्पन्न वर्षाला 22,325 पाउंडांवर गेलं की या कोर्टात लीगल एड, म्हणजे सरकारी खर्चाने वकील, मिळत नाही. ही मर्यादा वर्षानुवर्षं तिथेच आहे. कमी पगाराची दोन माणसं घरात असली तरी ती ओलांडली जाते. मग माणूस स्वतःच उभा राहतो, घाबरून काहीतरी कबूल करतो, अपिलाची मुदत त्याला कळतही नाही. समोर वकील नसताना कायद्याचे बारकावे हेरायला खुर्चीवर कायदा शिकलेला माणूस हवा. सल्लागार सांगतो खरा, पण पुराव्यावर विश्वास ठेवायचा की नाही, हे तो ठरवत नाही.

स्लौची सून
एक शंका. आमचे पासपोर्ट अजून भारतीय आहेत. राजाशी निष्ठेची शपथ घ्यावी लागते म्हणे?

बेंचवरची
हो. नागरिकत्वाची अट नाही, पण शपथ घ्यावीच लागते. दुसरी शपथ न्यायदानाची: सर्व तऱ्हेच्या लोकांना, भीती, मर्जी, ममत्व किंवा आकस न ठेवता, या देशाच्या कायद्याने न्याय देईन. ती घेताना माझा आवाज कापला होता.

नारायण पेठ
नोकरीचं काय? सुट्टी मिळते?

लेस्टरकर
मालकाने वाजवी वेळ द्यावा असा कायदा आहे, त्या वेळेचा पगार देणं मात्र त्याच्या मर्जीवर. पगार कापला तर कोर्टाकडून ठरावीक भत्ता मिळतो. म्हणून तर बेंचवर निवृत्त लोक जास्त दिसतात, आणि ज्यांच्यावर खटले आहेत ती मुलं पंचविशीची. ही दरी मला सगळ्यात जास्त टोचते, आणि ती लांबून टीका करून भरणार नाही.

काळा कोट, लीगल एडच्या तुमच्या मुद्द्यावर माझ्याकडे उत्तर नाही. त्यासाठी खासदाराला पत्र लिहीन. मंगळवारी रजा टाकून पुन्हा कोर्टात बसायला जातोय. पत्ते वाचले जातील तेव्हा बेंचकडे बघेन.