काळं रान झडीत पिवळं पडतं, मुरूम टाकू का?

अंबडचं_रान
आमचं साडेचार एकर रान. वरचा दीड एकर मुरमाड, खाली नाल्यालगत तीन एकर काळी. वर आठ दिवस उघाड पडली की सोयाबीन माना टाकतं. खाली उलटं, चार दिवस झड लागली की पानं पिवळी, शिरा तेवढ्या हिरव्या. माती परीक्षणात खालच्या रानाचा सामू (पीएच) ८.२, चुनखडी जास्त, पोत चिकण असं आलंय. शेजारचे म्हणतात, काळीत मुरूम टाक, मोकळी होईल. टाकू का? आणि पोत वेगळा, रचना वेगळी म्हणतात ते काय?

पाथरीची_काकू
भाऊ, मुरूम टाकू नका. एकरभर रानात फूटभर माती म्हणजे ४३५ ब्रास (शंभर घनफुटांचा एक ब्रास). त्यात दहावा हिस्सा मिसळायचा तरी एकरी ४३ ब्रास लागतील, आणि एवढं करून रान चिकणच राहील.

पोत म्हणजे मातीत वाळू किती, पोयटा किती, चिकणमाती किती. तो आपल्या हयातीत बदलत नाही. रचना म्हणजे ते कण एकमेकांना कसे धरून बसलेत. शेणखतानं, मुळ्यांनी, गांडुळांनी ती हळूहळू सुधारते, बिघडते मात्र एका दिवसात. मी बिघडवलीय. एका वर्षी पेरणीची घाई होती. वाफसा नव्हता, माती ओलीच होती, तरी भाड्याच्या ट्रॅक्टरनं रोटाव्हेटर मारून घेतला. वरून रान सपाट दिसलं, मला बरं वाटलं. पुढं उन्हानं त्याच्या विटा झाल्या. दिवाळीनंतर पऱ्हाटी उपटली तर सोटमूळ सहा इंच सरळ गेलेलं आणि तिथून काटकोनात आडवं वळलेलं. खाली तवा, म्हणजे दबलेल्या मातीचा कडक थर, बसला होता. ते मूळ हातात घेऊन मी बांधावर किती वेळ बसले होते. तवा फुटायला तीन हंगाम गेले.

काळी पाणी पिऊन फुगते, वाळली की आकसते. म्हणून उन्हाळ्यात कोपरापर्यंत हात जाईल अशा भेगा पडतात, वरची भुसभुशीत माती त्यात उतरते, पावसात फुगून पुन्हा उलथते. ती स्वतःच स्वतःला नांगरते. आपण फक्त ओल्यात तिच्यावर ट्रॅक्टर घालायचा नाही.

आधी दोन फुटांचा खड्डा खणा. ढेकूळ हातात हलकं दाबा. ज्वारीच्या दाण्याएवढे कण सुटले तर रचना चांगली, फरशीसारख्या कपच्या निघाल्या तर रान दबलंय. मग एक वाळलेलं ढेकूळ काचेच्या पेल्यात पाण्यात सोडा, हलवू नका. ते फुटून तळाशी बसलं तर काळजी नाही. पाणी दुधाळ होऊन तसंच राहिलं तर माती चोपण, म्हणजे सोडियम वाढून बिघडलेली, व्हायला लागलीय.

काळी_कसदार
काकूंची पेल्याची परीक्षा नक्की करा. चोपणात सोडियम कणांना सुटं करतो, जिप्सममधला कॅल्शियम त्यांना परत बांधतो. पण चोपणाचा सामू बहुधा ८.५ च्या वर असतो. तुमचा ८.२ आहे, जिप्समवर पैसे घालू नका. शिरा हिरव्या आणि पान पिवळं, हे लोहाचं. चुनखडीच्या रानात पाणी साचलं की मुळीला लोह मिळत नाही. आत्ता चर काढून पाणी नाल्याला लावा, उघाड मिळाली की ०.५ टक्के फेरस सल्फेट फवारा. पुढच्या वर्षी रुंद वरंबा सरीवर पेरा, म्हणजे पीक रुंद गादीवर आणि दोन्ही बाजूंना पाण्याला सऱ्या. वरच्या मुरमाडाला मात्र तलावाचा गाळ द्या. २०१७ पासून सरकारची गाळयुक्त शिवाराची योजना आहे, ग्रामपंचायतीत विचारा.

अंबडचं_रान
सकाळी खड्डा खणला. पेल्यातलं पाणी नितळ आहे. पण काकू, सात इंचांवर कपच्या निघाल्या, आणि सोयाबीनची मुळी तुम्ही सांगितली तशीच आडवी वळलीय. हा तवा कसा फोडला तुम्ही?

पाथरीची_काकू
एप्रिलमध्ये, रान कडक वाळल्यावर, सबसॉयलर (ट्रॅक्टरचं खोल जाणारं फाळाचं अवजार) लावून. ओल्यात लावला तर तो नुसती चीर पाडतो. आणि पुढच्या खरिपात सोयाबीनमध्ये तुरीच्या ओळी धरा, तिची मुळी त्या फटींतून खोल जाते.