चुलतभाऊ वीस वर्षं कसतोय म्हणून जमीन त्याची होते का?

समुद्रकाठ:
नमस्कार मंडळी, घाईत लिहितेय, सांभाळून घ्या. रत्नागिरी जिल्ह्यात आमची आजोबांची जमीन आहे, हापूसची कलमं आणि थोडं भात. सातबारावर बाबा आणि काका दोघांची नावं, सामाईक खातं, वाटप कधी झालंच नाही. बाबा नोकरीला मुंबईत आले ते इथलेच झाले, गावचं सगळं काका बघायचे, दर मे महिन्यात आंब्याच्या पेट्या यायच्या. आता काका गेले आणि चुलतभाऊ म्हणतोय वीस वर्षांच्या वर आम्हीच कसतोय, पीकपाहणीला आमचंच नाव, बारा वर्षं झाली की कायद्याने जमीन आमची. बाबांना झोप नाही. त्यात वरच्या अंगाच्या शेजाऱ्याने जुना गडगा (दगडी बांध) मोडून आमच्या हद्दीत आत बांधलाय, पण ते किरकोळ आहे, नंतर बघू. खरंच बारा वर्षांत हक्क जातो का?

जुना_वकील:
ताई, बाबांना सांगा निवांत झोपा. बारा वर्षं म्हणतात ती 1963 च्या मुदत कायद्यातली, अनुच्छेद 65, पण ती बाबा गाव सोडून गेले तेव्हापासून मोजत नाहीत, समोरच्याचा कब्जा मालकाच्या हक्काविरुद्ध झाला त्या दिवसापासून मोजतात. सामाईक जमिनीत एका हिस्सेदाराचा ताबा हा सगळ्यांचाच ताबा, हे सुप्रीम कोर्टाने 1956 सालीच सांगितलंय. तुझा यात काही हक्क नाही असं उघड सांगून बाबांना बाहेर काढलं, हे भावाला तारखेसकट सिद्ध करावं लागेल. पेट्या येत होत्या ना, मग हक्क नाकारला कुठे? पीकपाहणी तर महसुलाची नोंद, तिने मालकी येत नाही.
पण आता तो तोंडावर नाही म्हणालाय, म्हणजे घड्याळ इथून सुरू झालं असं तो उद्या म्हणू शकतो, म्हणून लेखी उत्तर द्या आणि ऐकत नसेल तर वाटपाचा दावा लावा.
आणि ज्याला किरकोळ म्हणताय तो गडगा, खरी भीती तिथे आहे! शेजारी परका माणूस, परवानगी नाही, बांधकाम सगळ्यांच्या डोळ्यांसमोर, बारा वर्षं गप्प बसलात तर त्याच मुदत कायद्याच्या कलम 27 ने तेवढ्या पट्ट्यावरचा तुमचा हक्कच संपतो. 2019 पासून तर असा कब्जेदार स्वतः दावाही लावू शकतो. नुसत्या नोटिशीने मुदत थांबत नाही, बारा वर्षांच्या आत कोर्टात जावं लागतं. गडगा कधी बांधला?

भातखाचर:
आमच्याकडे लोक कूळ लागेल म्हणून पण घाबरवतात. कुळकायद्याच्या कलम 4 मध्ये स्पष्ट आहे, मालकाच्या कुटुंबातला माणूस कसत असेल तर तो मानीव कूळ (कायद्याने मानलेलं कूळ) होत नाही. चुलतभाऊ वेगळा राहतो म्हणून कोणी वाद घालेल, पण तो स्वतःच हिस्सेदार आहे, स्वतःच्याच जमिनीत कूळ कसा होईल

मातीतला_माणूस:
सगळे कायदा सांगतायत ते बरोबर, पण एक बोलू का. वीस वर्षं कलमांना खत, फवारणी, राखण त्याच घराने केली, आंबा आपोआप लागत नाही. तो मालक नाही हे मान्य, पण चोरही नाही. आधी दोघं भाऊबहीण बसा, त्याने लावलेली कलमं त्याच्या वाट्याला जातील असं बघा, सगळे हिस्सेदार राजी असले तर जमीन महसूल कायद्याच्या कलम 85 खाली तहसीलदारांकडेच वाटप होतं, कोर्टात पिढी जाते हो.

समुद्रकाठ:
खूप आभार सगळ्यांचे. गडगा नऊ-दहा वर्षांपूर्वीचा असेल असं बाबा म्हणतायत, ऐकून पोटात गोळाच आला. मातीतला_माणूस दादा, तुमचं पटलं, कलमं त्यानेच वाढवलीत, गणपतीला जाऊ तेव्हा त्याच्याशी बसून बोलते. गडग्यासाठी जमिनीची मोजणी करून घ्यायची म्हटलं तर त्या शेजाऱ्याला आम्ही सांगायचं का?

जुना_वकील:
गणपतीपर्यंत थांबू नका, मोजणीचा अर्ज या आठवड्यात टाका. हद्द कायम मोजणी मागा, भूमी अभिलेखवाले लगतच्या खातेदारांना नोटीस काढतात. बाबांना जमत नसेल तर तुम्ही हजर राहा, भावालाही बोलवा, पट्टा त्याचाही जातोय. मोजणीच्या नकाशाची अर्जदाराला मिळणारी प्रत, म्हणजे क प्रत, हातात आली की लगेच वकील गाठा, आणि गडग्याचे जुने फोटो कोणाकडे असतील तर आत्ताच मागून ठेवा.