मित्रमेळा म्हणजे फ्रीमेसन लॉज नव्हे

कुणीतरी मित्रमेळ्याला, म्हणजे सावरकरांच्या नाशिकमधल्या क्रांतिकारक संघटनेला, नाशिकचं फ्रीमेसन लॉज (फ्रीमेसन या बंधुसंघाची स्थानिक शाखा) म्हटलंय, ते पटत नाही. लॉजची इमारत सगळ्या गावाला ठाऊक असते, गुप्त राहतात त्या खुणा आणि विधी. इथे उलट होतं. १९०० चा मित्रमेळा उघड होता, तिळभांडेश्वर गल्लीत बैठका, गणेशोत्सवात पदं. त्याच्या आड शपथ घेतलेलं आतलं मंडळ. १९०४ मध्ये त्याचंच अभिनव भारत झालं, इटलीचा क्रांतिकारक मॅझिनी याच्या यंग इटली या गुप्त संघटनेच्या धर्तीवर.

संघटनेचा घात झाला तो पिस्तुलांमुळे. लंडनहून पेटीच्या चोरकप्प्यातून २० ब्राउनिंग आली, सगळी एकाच माणसाबरोबर, चतुर्भुज अमीनबरोबर. २१ डिसेंबर १९०९ ला विजयानंद नाट्यगृहात नाशिकचा कलेक्टर जॅक्सन याच्यावर त्यातलंच एक चाललं. पुढे अमीनच माफीचा साक्षीदार झाला आणि माग थेट लंडनपर्यंत पोचला.