‘एन्टोमोस्ट्राका’ या नावाला आता निरोप द्यावा का?

तळ्याकाठी

कवचधर प्राण्यांची जुनी विभागणी फार सुटसुटीत होती. खेकडा, कोळंबी, शेवंड, क्रिल एका बाजूला. त्यांचं नाव मॅलॅकोस्ट्राका. पाणपिसू म्हणजे डॅफ्निया, सायक्लॉप्ससारखे कोपेपॉड, दोन झडपांच्या आत राहणारे ऑस्ट्रॅकॉड, खाऱ्या पाण्यातला आर्टेमिया, दगडाला चिकटून राहणारा बार्नॅकल हे दुसऱ्या बाजूला. त्यांचं नाव एन्टोमोस्ट्राका. ‘एन्टोमोस्ट्राका म्हणजे लहान आकाराचे, खालच्या दर्जाचे कवचधर’ ही व्याख्या आजही शब्दकोशांत आणि नोट्समध्ये सापडते. माझं म्हणणं असं की हे नाव इतिहासाच्या प्रकरणात ठेवावं आणि चालू वापरातून काढून टाकावं.

व्याख्येतला प्रत्येक शब्द लंगडा आहे. ‘लहान’ म्हणावं तर व्हेलच्या चरबीत डोकं रुतवून राहणारा पेनेला हा कोपेपॉड जवळपास फूटभर लांब होतो. उलट मॅलॅकोस्ट्राकातले कितीतरी अँफिपॉड काही मिलिमीटरच्या पुढे जात नाहीत. ‘खालच्या दर्जाचे’ हे तर उत्क्रांतीला शिडी समजण्याच्या काळातलं बोलणं झालं.

खरी गोम वेगळीच आहे. मॅलॅकोस्ट्राकाची ओळख स्वतःच्या लक्षणांवर उभी आहे: छातीचे आठ खंड, पोटाचे सहा (एका छोट्या गटात सात), आणि ही संख्या पक्की. एन्टोमोस्ट्राकाची ओळख काय? खंडांची संख्या ठरलेली नाही, पोटाला सहसा उपांगं नाहीत. म्हणजे जे मॅलॅकोस्ट्राका नाहीत ते सगळे. अडगळीच्या खोलीतल्या सामानात असते तेवढीच ही एकजूट.

ज्यांना हे नाव टिकावं असं वाटतं त्यांनी कारणासकट लिहावं. ‘पूर्वीपासून चालत आलंय’ हे कारण धरणार नाही.

भिंगवाला

कारण देतो. प्राणिप्लवकांचे, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या बारीक प्राण्यांचे, नमुने मोजण्याचं काम मी करतो. फॉर्मॅलिनमध्ये राहिलेल्या बाटलीत काय काय असतं हे ज्यांनी पाहिलंय त्यांना पटेल: अर्धे जीव तुटलेले, कुणाचे स्पर्शक गेलेले, कुणाचं नुसतं कवच उरलेलं. प्रत्येकाला जातीपर्यंत ओळखणं बाजूला राहू द्या, काहींचा गणही सांगता येत नाही. मग रोटिफर वेगळे, कीटकांचे डिंभ (अळ्या) वेगळे आणि ‘हे बारके कवचधर’ वेगळे, एवढं तरी लिहायला एक नाव लागतं. या नावानं ते काम दोनशे वर्षं केलंय.

आणि ‘जे अमुक नाहीत ते’ ही व्याख्या इतकी वाईट असेल तर ‘अपृष्ठवंशी’ या शब्दाचं काय करणार? पाठीचा कणा नाही एवढ्यावरच तो उभा आहे. गांडूळ, जेलीफिश, माशी, कालव यांना एकत्र बांधणारं दुसरं काहीही नाही. तरी त्या नावाचे विभाग चालतात, अभ्यासक्रम चालतात. माशांचंही तेच. लंगफिश हा ट्यूना माशापेक्षा आपल्याला, म्हणजे चार पायांच्या प्राण्यांना, अधिक जवळचा आहे. म्हणून कुणी ‘मासा’ म्हणणं सोडलंय का?

तळ्याकाठी

भिंगवाला, ‘अपृष्ठवंशी’ हा सोयीचा शब्द आहे हे वापरणाऱ्याला माहीत असतं. त्याला कुणी ‘वर्ग’ किंवा ‘उपवर्ग’ अशी पाटी लावत नाही. एन्टोमोस्ट्राका मात्र लॅटिन वेशात, मॅलॅकोस्ट्राकाच्या बरोबरीनं, उपवर्ग म्हणून तक्त्यात बसतो. वाचणाऱ्याला वाटतं की या दोन सख्ख्या बहिणी. माझी तक्रार त्या बसण्याच्या जागेबद्दल आहे.

तुमच्या बाटलीबद्दलही बोलू. डॅफ्निया आणि कोपेपॉड एका रकान्यात टाकले की तळ्याची गोष्टच हरवते. डॅफ्निया पाण्यातलं जे येईल ते गाळून खाते, अन्न भरपूर असेल तेव्हा नराशिवाय प्रजनन करते आणि थोड्या दिवसांत तिची संख्या फुगते. कोपेपॉडमध्ये नर-मादी लागतात, पिल्लाला सहा नॉप्लियस (अंड्यातून निघाल्यानंतरच्या पहिल्या) अवस्था पार करून पुन्हा पाच कोपेपॉडिड अवस्थांतून जावं लागतं तेव्हा प्रौढ तयार होतो, आणि त्यातले बरेचसे खाणं निवडून खातात. शेवाळ अचानक कमी झालं तर या दोघांपैकी कोण वाढलंय हे कळायला हवं ना? ‘एन्टोमोस्ट्राका वाढले’ यातून काहीच कळत नाही.

नारूचंच उदाहरण घ्या. फेडचेंको या रशियन संशोधकानं १८७० मध्ये दाखवलं की नारूच्या जंतूची पिल्लं सायक्लॉप्सच्या शरीरात वाढतात. पुढे पाणी फडक्यानं गाळून प्या, हा सगळ्या मोहिमेचा गाभा ठरला, कारण सायक्लॉप्स फडक्यात अडकतो. १९८६ मध्ये जगात अंदाजे ३५ लाख रुग्ण होते, आता वर्षाला अगदी मोजके सापडतात. या कामात ‘सायक्लॉप्स’ हा नेमका शब्द उपयोगी पडला. ‘एन्टोमोस्ट्राका गाळून प्या’ असं म्हटलं असतं तरी फडकं तेच लागलं असतं म्हणा, पण शोध लागला नसता.

परीक्षार्थी

मला एवढंच सांगा, ‘कवचधरांचे उपवर्ग लिहा’ असं आलं तर काय लिहू? जुन्या पुस्तकात दोन आहेत, नव्यात सहा वर्ग आहेत, इंटरनेटवर आणखी काहीतरी.

स्तरशोधक

परीक्षार्थी, प्रश्नपत्रिका ज्या पुस्तकावरून निघते तेच लिहा आणि मार्क घ्या. मग इकडे या.

सहा वर्गांची जी यादी तुम्ही पाहिली ती बहुधा मार्टिन आणि डेव्हिस यांच्या २००१ च्या वर्गीकरणातली: ब्रँकिओपोडा, रेमिपीडिया, सेफॅलोकॅरिडा, मॅक्सिलोपोडा, ऑस्ट्रॅकोडा, मॅलॅकोस्ट्राका. गंमत म्हणजे त्यातला मॅक्सिलोपोडाही आता मोडीत निघालाय. तेव्हा ‘नवं’ म्हणून जे डोक्यावर घ्याल ते वीस वर्षांनी जुनं होणार, ही तयारी ठेवा.

मी जीवाश्मांकडून येतो, त्यामुळे या नावाच्या चरित्रात मला जास्त रस. लिनिअसनं १७५८ मध्ये पाणपिशीला आणि नालखेकड्याला एकाच प्रजातीत टाकलं होतं, मोनोक्युलस म्हणजे ‘एकडोळ्या’ या नावाखाली. तेव्हा कवचधर हा गटही स्वतंत्र नव्हता, सगळी मंडळी ‘इन्सेक्टा’त. डेन्मार्कचा ओटो फ्रिडरिक म्युलर त्यात शिस्त आणायला बसला. त्याचा ग्रंथ १७८५ मध्ये, तो गेल्यावर छापून आला. शीर्षकात ‘एन्टोमोस्ट्राका, म्हणजेच कवचवाले कीटक’ असा अर्थ त्यानं स्वतःच दिलाय. डॅफ्निया, सायक्लॉप्स ही नावं त्याचीच. ‘नॉप्लियस’ही त्याचंच, आणि ते त्यानं स्वतंत्र प्राणी समजून ठेवलं होतं! ते सायक्लॉप्ससारख्यांचं पिल्लू आहे हे नंतर स्पष्ट झालं.

नालखेकडा, म्हणजे लिम्युलस, त्याच ग्रंथात होता आणि पुढे दीर्घकाळ एन्टोमोस्ट्राकाच्या आसपासच घुटमळत राहिला. रे लँकेस्टरनं १८८१ मध्ये ‘लिम्युलस हा अष्टपादांतला’ असं ठणकावल्यावर तो कोळी-विंचवांच्या बाजूला गेला. बार्नॅकलची वाट उलटी. त्यांना शंख-शिंपल्यांचे नातलग मानत असत. जॉन व्हॉन थॉम्पसननं १८३० मध्ये त्यांचे पोहणारे डिंभ दाखवले, तेव्हा कवचधरांच्या घरात त्यांना जागा मिळाली. म्हणजे या नावाखालून माणसं आली-गेली, नाव राहिलं. सदस्य बदलले म्हणून नाव मेलं, असं होत नाही.

आणखी एक. स्वीडनमधल्या ओरस्टेन नावाच्या चुनखडीत कँब्रियन काळातले बारीक कवचधर पायांच्या केसांसकट टिकून राहिलेत. त्यांचा अभ्यास करणाऱ्यांनी १९९० च्या दशकात एन्टोमोस्ट्राका हा खराखुरा, एकाच पूर्वजापासून आलेला गट म्हणून पुन्हा उभा करायचा प्रयत्न केला होता. तो फारसा टिकला नाही, पण प्रश्न विचारण्याजोगा होता. तळ्याकाठी, तुमच्या म्हणण्याप्रमाणे नावच फेकलं असतं तर तो प्रश्न मांडायला शब्द कुठून आणला असता?

भिंगवाला

स्तरशोधक यांना +१. नॉप्लियसचा मुद्दा मीही आणणार होतो. तीन जोड्या उपांगांचं, मधोमध एक डोळा असलेलं हे पिल्लू एन्टोमोस्ट्राकाचा मोठा धागा आहे. कोपेपॉड, बार्नॅकल, आर्टेमिया सगळ्यांत ते दिसतं. मग ‘एकजूटच नाही’ असं कसं?

तळ्याकाठी

कारण पिनिअस गटातल्या कोळंबीलाही नॉप्लियस असतो. क्रिललाही असतो. दोघेही मॅलॅकोस्ट्राका. आणि डॅफ्नियाचं पिल्लू मादीच्या पाठीवरच्या कोशातून थेट छोटी डॅफ्निया होऊन बाहेर पडतं. तेव्हा नॉप्लियस ही सगळ्या कवचधरांची जुनी मिळकत आहे, काहींनी ठेवली, काहींनी सोडली. आजोबांकडून आलेल्या गोष्टीवरून दोन चुलत भाऊ सख्खे ठरत नाहीत.

स्तरशोधक, प्रश्न मांडायला शब्द असू दे की. मी इतिहासात ठेवा म्हणालोय, जाळा म्हणालो नाही.

नवखी

मी नुसती वाचत होते, पण एक शंका. ‘कवचवाले कीटक’ असं म्युलर म्हणाला आणि कीटक कवचधरांतूनच निघाले असं हल्ली वाचायला मिळतं. मग म्युलर बरोबर होता का?

स्तरशोधक

योगायोगानं, उलट्या बाजूनं. त्याच्या लेखी कवचधर हे एक प्रकारचे कीटक. आज चित्र असं आहे की कीटक हे एक प्रकारचे कवचधर. २०१० मध्ये रीजियर आणि सहकाऱ्यांनी साठाहून अधिक जनुकांवर मोठा अभ्यास केला, त्यात कीटक थेट कवचधरांच्या झाडात आत घुसलेले निघाले. त्यानंतरच्या अभ्यासांत कीटकांचे सर्वांत जवळचे नातलग म्हणून रेमिपीडियाचं नाव पुन्हा पुन्हा येतं. समुद्रकाठच्या, आतून पाण्यानं भरलेल्या गुहांत राहणारे, आंधळे, गोमेसारखे लांबट पोहणारे हे जीव. बहामातल्या गुहेतून मिळालेला पहिला जिवंत रेमिपीड १९८१ मध्ये वर्णिला गेला, म्हणजे म्युलरनं तो स्वप्नातही पाहिला नव्हता.

तळ्याकाठी

नवखी, तुमच्या शंकेनं माझं काम सोपं केलं. त्याच अभ्यासात कोपेपॉड आणि बार्नॅकल हे डॅफ्नियापेक्षा खेकडा-कोळंबीच्या जवळ निघाले. दुसऱ्या बाजूला डॅफ्निया आणि तिची ब्रँकिओपोडा मंडळी बहुतेक विश्लेषणांत कीटकांच्या फांदीकडे झुकतात. आता बघा: सायक्लॉप्सचा जवळचा नातलग खेकडा, डॅफ्नियाचा जवळचा नातलग माशी. आणि आपण सायक्लॉप्स व डॅफ्नियाला एका नावात बांधून खेकडा आणि माशी या दोघांनाही बाहेर ठेवतोय. मासा या शब्दात निदान पाण्यातला, परांचा, कल्ल्यांचा प्राणी डोळ्यांपुढे येतो. इथे दगडाला चिकटलेला बार्नॅकल आणि तळ्यात उड्या मारणारी पाणपिसू, कुठलं चित्र येणार?

भिंगवाला

मग त्याच न्यायानं ‘कवचधर’ हा शब्दही फेका. कीटक वगळून उरलेले ते कवचधर, म्हणजे तीच अडगळीची खोली, फक्त मोठी. तुम्ही स्वतः पहिल्याच ओळीत तो वापरलाय.

तळ्याकाठी

वापरलाय, आणि ‘पॅनक्रस्टेशिया’ हे कीटकांसह सगळ्यांना सामावणारं नाव उपलब्ध आहे, तेही गरज पडेल तिथे वापरतो. पण फरक आहे. ‘कवचधर’ शब्दातून एकच मोठी फांदी, कीटकांची, वगळली जाते, आणि उरलेल्यांत स्पर्शकांच्या दोन जोड्या हे दाखवता येण्याजोगं लक्षण राहतं. एन्टोमोस्ट्राकातून दोन वेगवेगळ्या फांद्या दोन वेगळ्या ठिकाणी छाटाव्या लागतात, आणि उरलेल्यांना जोडणारं एकही लक्षण दाखवता येत नाही. दोन्ही नावं सारखीच सदोष आहेत हे मला मान्य नाही.

तुमच्या तुटक्या नमुन्यांसाठी ‘सूक्ष्म कवचधर’ लिहा. ते आकाराबद्दलच बोलतं, नात्याचा दावा करत नाही.

भिंगवाला

‘सूक्ष्म’ म्हणजे किती? माझ्या जाळीच्या छिद्रावर ठरणार का ते? मग त्यात अँफिपॉडची पिल्लंही येतील, कोळंबीचे डिंभही येतील, आणि दुसऱ्या जाळीवाल्याचा आकडा माझ्याशी जुळणार नाही. एन्टोमोस्ट्राका म्हटलं की निदान कोणते गट आत आणि कोणते बाहेर हे ठरलेलं होतं. सीमा कृत्रिम असेल, पण सीमा होती. तुम्ही मला सीमेच्या जागी चाळणी देताय.

शेवंड

दोघांनाही एक विचारतो. भिंगवाला, तुम्ही शेवटचा अहवाल लिहिलात त्यात रकान्याचं नाव खरंच ‘एन्टोमोस्ट्राका’ होतं का? आणि तळ्याकाठी, १८५० सालची बेअर्डची ब्रिटिश एन्टोमोस्ट्राकांची सूची आजच्या तळ्याशी ताडून पाहायची झाली तर तुम्ही ती कोणत्या नावानं शोधाल?

भिंगवाला

रकाने तीन होते: क्लॅडोसेरा (डॅफ्नियासारख्या पाणपिसवा), कोपेपोडा, ऑस्ट्रॅकोडा. बेरीज मात्र एकाच ओळीत होती आणि त्या ओळीला मी एन्टोमोस्ट्राका लिहिलं. पुढेही लिहीन.

तळ्याकाठी

बेअर्ड बेअर्डच्याच नावानं शोधीन, अर्थात. जुन्या बाटलीवरचं जुनं लेबल मी खरवडणार नाही. पण भिंगवाला, तुमच्या त्या बेरजेच्या ओळीखाली तीन गटांची नावं आणि जाळीच्या छिद्राचं माप लिहिलं असतं तर एन्टोमोस्ट्राका हा शब्द काढूनही आकडा तोच राहिला असता. लिहिलं होतं का?

भिंगवाला

छिद्राचं माप पद्धतीच्या परिच्छेदात असतं, सगळेच तिथे लिहितात. तुम्ही अहवालाची शेवटची ओळच वाचता वाटतं.