दावे एकत्र झाले तरी हुकूमनामे दोन

एकाच सर्व्हे क्रमांकातील पायवाटेबाबत मनाईहुकमाचा दावा म्हापशाच्या कनिष्ठ स्तर न्यायालयात आणि मालकीहक्काचा दावा वरिष्ठ स्तर न्यायालयात असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम १० हाच उपाय का, असा प्रश्न पडतो. माझ्या मते नाही, कारण त्या कलमाने नंतरचा दावा केवळ थांबतो आणि पक्षकाराची वर्षे वाया जातात. त्यापेक्षा कलम २४ खाली जिल्हा न्यायालयाकडे अर्ज करून दोन्ही दावे एकाच न्यायाधीशापुढे आणावेत आणि मग एकत्रित सुनावणी मागावी. दिवाणी प्रक्रिया संहितेत त्यासाठी स्वतंत्र तरतूद नसली, तरी कलम १५१ मधील अंगभूत अधिकारांखाली ती करता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने चिटिवलसा ज्यूट मिल्स प्रकरणात २००४ साली स्पष्ट केले आहे.

मग पुरावा एकाच दाव्यात नोंदवून दोन्हींत वाचला जातो. वाट दाखवणाऱ्या म्हाताऱ्या शेजाऱ्याला साक्षीसाठी दोनदा पिंजऱ्यात उभे राहावे लागत नाही, आणि मला तर हाच सर्वांत मोठा लाभ वाटतो. मात्र दावे विलीन होत नाहीत, निकालपत्र एक असले तरी हुकूमनामे, म्हणजे निकालानुसार काढलेले औपचारिक आदेश, दोन निघतात. हरलेल्या पक्षकाराने एकाविरुद्धच अपील केले, तर दुसरा अंतिम होऊन कलम ११ चा पूर्वनिर्णयाचा अडसर (अंतिम ठरलेला मुद्दा पुन्हा लढवता येत नाही) त्या अपिलालाच नडू शकतो. म्हणून अपील दोन्हींविरुद्ध करावे आणि त्यासाठी दोन्ही हुकूमनाम्यांच्या प्रमाणित नकलांसाठी एकाच दिवशी अर्ज करावा.