सुषमा सेठ: 'हम लोग'च्या आधी आणि नंतर

कुणीतरी लिहिलंय की अभिनेत्री सुषमा सेठ यांची कारकीर्द 'हम लोग' मालिकेतल्या दादीच्या, म्हणजे आजीच्या, भूमिकेपासून सुरू झाली. मला हे पटत नाही. १९८४ साली दूरदर्शनवर ती मालिका आली, तोवर त्यांची दिल्लीच्या रंगभूमीवर अनेक वर्षं झाली होती. तिथल्या 'यात्रिक' नाट्यसंस्थेच्या त्या संस्थापकांपैकी एक. त्यांनी काम केलेले चित्रपटही आधीचेच: श्याम बेनेगलांचा 'जुनून' १९७८चा, राज कपूरांचा 'प्रेम रोग' १९८२चा. म्हणजे दादी साकारली ती मुरलेल्या नटीने, आणि तेव्हा त्यांनी पन्नाशीही गाठली नव्हती!

चाल, आवाज, कुरकुर, सगळं इतकं खरं होतं की दादीला कर्करोग झाल्यावर तिला जगवा म्हणून प्रेक्षकांची पत्रं आली. मधल्या नातीच्या, मझलीच्या भूमिकेत त्यांची खरी मुलगी दिव्या सेठ होती, हेही आवर्जून सांगावंसं वाटतं.

पुढे 'देख भाई देख' या मालिकेत पुन्हा आजीच, पण हसरी, वेगळ्या घरातली. चित्रपटांनी मात्र त्यांना बहुतेकदा आई-आजीच्या ठरावीक चौकटीतच ठेवलं. एवढ्या ताकदीच्या अभिनेत्रीला मध्यवर्ती भूमिका मिळायला हव्या होत्या, असं मला मनापासून वाटतं.